जाँ-मारी तेनो (कॅमेरून) यांचे माहितीपट: कोणत्या क्रमाने पाहावेत आणि त्यांची पद्धत नेमकी कशी चालते?

चौकट_पस्तीस:

नमस्कार मंडळी. आमच्या चित्रपट अभ्यासगटात दहा-बारा जण आहेत. पुढचे पाच रविवार आफ्रिकेतल्या एकाच माहितीपटकाराला द्यायचं ठरलंय आणि कॅमेरूनचे जाँ-मारी तेनो हे नाव पक्कं झालंय. तीन गोष्टी विचारायच्या आहेत.

पहिली म्हणजे क्रम. बनले त्या क्रमाने पाहावेत की दुसऱ्या कुठल्या? दुसरी, कॅमेरूनचा इतिहास आमच्यापैकी कुणालाच फारसा माहीत नाही. आधी किती सांगितला म्हणजे चित्रपट कळेल आणि तरी व्याख्यान होणार नाही? तिसरी जरा वेगळी आहे. गटातल्या दोघांना तालुक्याच्या गावातल्या पाणीपुरवठ्यावर चाळीस मिनिटांचा माहितीपट करायचाय. एक कॅमेरा, एक रेकॉर्डर, दोन माणसं. तेनो स्वतःच्या आवाजात निवेदन करतात, जुनं फुटेज वापरतात आणि एका छोट्या प्रसंगावरून देशाच्या कारभारापर्यंत पोचतात, असं वाचलंय. हे प्रत्यक्षात कसं जमवायचं? कृपया हातात धरून करता येईल असं सांगा.

भूमध्यरेषा:

पहिल्या दोन प्रश्नांवर लिहितो. तिसऱ्यावर संकलनवाली मंडळी बोलतीलच.

बनले त्या क्रमाने पाहू नका. 1992चा 'आफ्रिक, ज त प्लुमरे' सगळ्यात गाजलेला, म्हणून लोक तिथून सुरुवात करतात आणि निम्मा गट तिथेच दमतो. 88 मिनिटांत जर्मन आणि फ्रेंच वसाहत, शाळेची पुस्तकं, ग्रंथालयं, दूरचित्रवाणी, वृत्तपत्रावरचा खटला, रस्त्यावरची निदर्शनं हे सगळं येतं. माणसांची ओळख नसताना ते अंगावर येतं.

मी लावेन तो क्रम असा. पहिल्या रविवारी 'शेफ!' (या फ्रेंच शब्दाचा अर्थ 'प्रमुख'; 1999, 61 मिनिटं). दुसऱ्या रविवारी 'ल मारियाज द'आलेक्स' (2002, 45 मिनिटं) आणि त्याच्या आधी 'ओमाज' (1985). 'ओमाज' जेमतेम तेरा मिनिटांचा आहे. दोन आवाजांचं संभाषण आणि गावाची दृश्यं, एवढ्यावर तो उभा आहे. तेनोंच्या आवाजाची सगळी पुढची वाट त्यात दिसते. तिसऱ्या रविवारी 'आफ्रिक, ज त प्लुमरे'. चौथ्या रविवारी 'युन फय दाँ ल वाँ' (2013, 55 मिनिटं). पाचव्या रविवारी 'लिय सँ' (2009, 70 मिनिटं). त्यात आफ्रिकन चित्रपट आफ्रिकेतल्याच प्रेक्षकापर्यंत का पोचत नाही हा प्रश्न आहे, त्यामुळे शेवटच्या चर्चेला तो फार चांगला. सहावा रविवार मिळाला तर 2004चा जर्मन मिशनऱ्यांवरचा 'ल मालाँतांद्यु कोलोनियाल' घ्या. तो वुपरटालच्या ऱ्हेनिश मिशनपासून निघून नामिबियातल्या हेरेरो लोकांच्या संहारापर्यंत जातो. ज्यांना पाण्याचा विषय करायचाय त्यांनी 1988चा 'बिकुत्सी वॉटर ब्लूज' स्वतंत्रपणे पाहावा. पिण्याचं पाणी आणि त्यातून होणारे आजार हाच त्याचा विषय आहे.

आता इतिहास. पहिल्या दिवशी दहा मिनिटं पुरतात आणि फळ्यावर एवढ्याच तारखा लिहा.

1884: जर्मन वसाहत. पहिल्या महायुद्धात जर्मन हरले आणि देश ब्रिटन व फ्रान्सने वाटून घेतला. मोठा भाग फ्रान्सकडे.
1948: दुआलात यूपीसी हा स्वातंत्र्यवादी पक्ष स्थापन. 1955मध्ये फ्रेंच प्रशासनाची बंदी.
13 सप्टेंबर 1958: पक्षाचा नेता रुबेन उम न्योबे याला फ्रेंच सैन्याने जंगलात मारलं.
1 जानेवारी 1960: स्वातंत्र्य. मे महिन्यात अहमदु अहिजो अध्यक्ष. त्याच वर्षी नोव्हेंबरात यूपीसीचा फेलिक्स मुमिए याचा जिनिव्हात विषप्रयोगाने मृत्यू.
15 जानेवारी 1971: पक्षाचा उरलेला मोठा नेता एर्नेस्त उआंदिए याला बाफुसाममध्ये जाहीरपणे गोळ्या घातल्या.
नोव्हेंबर 1982: अहिजो पायउतार, पॉल बिया अध्यक्ष.
डिसेंबर 1990: अनेक पक्षांना परवानगी देणारा कायदा. 1991मध्ये संप आणि बंद, ज्यांना तिकडे 'मृत शहरं' म्हणत.

यात एक गोष्ट ठासून सांगा. स्वातंत्र्य यूपीसीच्या हाती आलं नाही. ज्यांनी ते मागितलं होतं त्यांच्याविरुद्धचं युद्ध 1960नंतरही, फ्रान्सच्या मदतीने, चालूच राहिलं. तेनोंचं गाव बांजून हे देशाच्या पश्चिमेकडच्या बामिलेके प्रदेशात येतं आणि त्या युद्धाचा मोठा मार याच प्रदेशाने खाल्ला. उम न्योबे, मुमिए, उआंदिए ही नावं कित्येक वर्षं उघडपणे घेता येत नव्हती. 1991च्या कायद्याने त्यांचं पुनर्वसन झालं. त्या काळाला फ्रान्सने अधिकृतपणे 'युद्ध' म्हणायला मात्र 2025 उजाडलं. 1954 साली जन्मलेला हा माणूस या मौनात वाढला. त्याच्या चित्रपटात निवेदन इतकं का आहे, त्याचं उत्तर बरंचसं इथेच मिळतं: दाखवायला चित्रंच ठेवलेली नव्हती.

संकलन_टेबल:

वरचा क्रम मला मान्य आहे. तिसऱ्या प्रश्नाकडे वळतो.

तेनो फ्रान्सच्या सरकारी दूरचित्रवाणीवर बरीच वर्षं संकलक होते, हे आधी लक्षात घ्या. त्यांची पद्धत छायाचित्रकाराची नसून संकलकाची आहे. आधी प्रसंग, मग प्रश्न, मग कागद, आणि शेवटी सत्ता. 'शेफ!' घ्या आणि वही घेऊन पाहा.

पहिली पायरी: बांजूनमध्ये एका जुन्या राजाच्या स्मारकाचा सोहळा. ढोल, मानकरी, भाषणं.
दुसरी पायरी: त्याच गावात सोळा वर्षांचा मुलगा कोंबडी आणि पिल्लं चोरताना सापडतो. जमाव त्याला घेरतो आणि जागच्या जागी शिक्षेची भाषा करतो.
तिसरी पायरी: बाजारात विकायला असलेलं एक कॅलेंडर. त्यावर नवऱ्याचे घरातले नियम छापलेत: नवरा हा प्रमुख.
चौथी पायरी: नोंदणी विवाह. अधिकारी कायद्यातलं कलम वाचून दाखवतो: कुटुंबाचा प्रमुख पती.
पाचवी पायरी: पत्रकार प्युस न्जावे तुरुंगात. अध्यक्षांची प्रकृती बिघडल्याची बातमी 'ल मेसाजे' या आपल्या वृत्तपत्रात छापली म्हणून 24 डिसेंबर 1997ला अटक, जानेवारी 1998मध्ये दोन वर्षांची शिक्षा, अपिलात ती एक वर्षावर आली, ऑक्टोबरात माफी.

गावचा प्रमुख, घरचा प्रमुख, देशाचा प्रमुख. पायऱ्या पाच असल्या तरी शब्द एकच चालत राहतो. कोंबडीचोर मुलाला जमाव मारायला निघतो आणि देशाच्या तिजोरीवर हात मारणाऱ्यांना मानपान मिळतो, हा प्रश्न तेनो स्वतःच्या आवाजात विचारतात. पण विचारतात तो मुलगा आपण पाहिल्यानंतर. निवेदनाने कधीही प्रसंगाच्या आधी पोचू नये. नवख्यांचं नव्वद टक्के इथेच बिघडतं: पहिल्याच मिनिटाला 'आपल्या देशात पाण्याची समस्या गंभीर आहे' असं बोलून मोकळे होतात. मग पुढची एकोणचाळीस मिनिटं चित्रं त्या वाक्याची साक्ष देत बसतात.

तुमच्या पाण्याच्या विषयाला ही शिडी अशी लागू करा. प्रसंग एकच निवडा, ज्यात माणसं काहीतरी करतायत: टँकर येण्याची वेळ, नळाला पाणी सोडणारा माणूस व्हॉल्व्ह फिरवतो ती वेळ. मग कागद शोधा. तेनोंच्या कॅलेंडरसारखा, विवाहाच्या कलमासारखा, म्हणजे जिथे सत्ता स्वतःच्या तोंडाने बोलते असा कागद. नगरपरिषदेच्या सर्वसाधारण सभेचा ठराव, पाणीपट्टीची पावती, व्हॉल्व्हचं वेळापत्रक, टँकरची नोंदवही. माहिती अधिकाराचा अर्ज दहा रुपयांच्या शुल्कात होतो आणि तीस दिवसांत उत्तर अपेक्षित असतं. म्हणून तो चित्रीकरण सुरू होण्याआधी महिना-दीड महिना टाका. चित्रीकरण संपल्यावर अर्ज टाकणारे उत्तराची वाट पाहत संकलन अडवून बसतात.

निवेदनाचं गणित: शांतपणे वाचलेलं मराठी मिनिटाला शंभर ते एकशे दहा शब्दांच्या पुढे जाऊ देऊ नका. चाळीस मिनिटांच्या चित्रपटात बारा मिनिटं निवेदन, म्हणजे बाराशे-तेराशे शब्द. याहून जास्त झालं की चित्रपट संपून भाषण सुरू होतं. सलग तुकडा पस्तीस-चाळीस सेकंदांच्या आत. प्रत्येक तुकड्याच्या आधी तीन-चार सेकंद नुसता तिथला आवाज. लिहायची वेळ मात्र पहिल्या जोडणीनंतर, म्हणजे दृश्यं कच्ची का होईना ओळीने लावून झाल्यावर. त्याआधी फक्त प्रश्नांची यादी ठेवा. कच्चं निवेदन फोनवर बोलून टाइमलाइनवर टाका, पाच-सहा वेळा बदला, आणि चित्र पक्कं झाल्यावरच नीट ध्वनिमुद्रण करा. स्टुडिओ नसेल तर कपड्यांनी भरलेलं कपाट उघडून त्याच्यासमोर, माइक तोंडापासून एक वीत, जरा कोनात. सगळं एकाच बैठकीत बोला. दोन दिवसांत विभागलं तर आवाजाचा पोत बदलतो आणि जोड ऐकू येतो.

नदीकाठ_९:

तेनोंबद्दल आदर आहे, पण सगळ्यांनी निवेदनाच्या मागे लागू नये असं मला वाटतं. 'ल मारियाज द'आलेक्स' बघा. एका दुपारचा प्रसंग: दुसरी बायको घरी आणतायत. लग्नाचं चित्रीकरण कर म्हणून तेनोंनाच सांगितलं होतं आणि कॅमेरा त्यांच्याच हातात आहे. पहिल्या बायकोचा चेहरा, नवरीचा चेहरा, वडीलधाऱ्यांचे उपदेश. चित्रपटाचं सगळं वजन त्या चेहऱ्यांवर आहे. तिथे आवाज फार बोलला असता तर चित्रपट पडला असता. पाण्याच्या रांगेतही माणसांचे चेहरे पुरेसं बोलतात.

संकलन_टेबल:

बरोबर आहे, आणि म्हणूनच मी तो दुसऱ्या रविवारी ठेवायला संमती दिली. पण फरक नीट बघा. तिथे प्रसंगाला स्वतःची सुरुवात, मध्य आणि शेवट आहे: वरात निघते, पोचते, उपदेश होतात, रात्र पडते. असा प्रसंग मिळाला तर निवेदन पाच-सहा मिनिटांवर आणा. पाण्याची रांग रोज तीच असते, तिला शेवट नाही. तिथे चेहऱ्यांवर सोडलं तर वीस मिनिटांनंतर प्रेक्षकाला कीव वाटते, पण कळत काही नाही. आधी प्रसंगाचा प्रकार ठरवा, निवेदनाचं प्रमाण त्यावरून ठरेल.

चौकट_पस्तीस:

फार उपयोगाचं आहे हे. आणखी दोन शंका. 'शेफ!'मधल्या त्या मुलाच्या प्रसंगासारखं काही समोर घडलं तर चित्रीकरण कसं करायचं, आणि करायचं का? दुसरी शंका जुन्या फुटेजची. तेनो वसाहतकाळातली फ्रेंच फिल्म वापरतात. आम्हाला साठ-सत्तरच्या दशकातले धरणांचे वार्तापट वापरायचेत.

बूमवाला:

पहिल्या शंकेवर.

जमावात एकट्याने कॅमेरा चालवताना चार गोष्टी बिघडतात. एक, झूम. लांबून झूम करून घेतलं की हात हलतो आणि आवाज पन्नास फुटांवरचा येतो, चित्र जवळचं आणि ध्वनी लांबचा. वाइड लेन्स लावा आणि दीड-दोन मीटरवर उभे राहा. जवळ उभा असलेला माणूस सगळ्यांना दिसतो, त्यामुळे तुम्ही चोरून काही करताय असंही होत नाही. दोन, कॅमेरा सारखा फिरवणं. एक चौकट किमान दहा सेकंद धरा. काय घडतंय ते चौकटीत येऊ द्या, त्याच्या मागे धावू नका. तीन, ऑटो गेन, म्हणजे आवाजाची पातळी यंत्रानेच आपोआप कमी-जास्त करणं. जमाव ओरडला की पातळी दबते, शांत झाला की सरसर फुगते, आणि संकलनात ते काही केल्या सारखं होत नाही. गेन हाताने लावा, बोलण्याची शिखरं उणे बारा डेसिबलच्या आसपास, आणि रेकॉर्डरमध्ये सोय असेल तर दुसरा चॅनेल त्याहून बारा डेसिबल खाली. चार, प्रसंग संपला की लगेच कॅमेरा बंद करणं. तिथेच थांबून एक मिनिट नुसता परिसराचा आवाज घ्या. तो नसेल तर पुढे प्रत्येक कटला खाली एक भोक पडल्यासारखं ऐकू येतं.

आता 'करायचं का'. जमावाच्या हाती सापडलेल्या माणसाचा जीव धोक्यात असेल तर आधी मदत बोलवा, 112 लावा. कॅमेरा चालू असल्याने जमाव कधी आवरतो, कधी उलट चेव चढतो. दोन्ही होतं, त्यामुळे कॅमेऱ्याला ढाल समजू नका. तेनोंच्या चित्रपटात हे अवघडलेपण लपवलेलं नाही, म्हणून तो प्रसंग मला मोलाचा वाटतो.

आपल्याकडे कायद्याचीही बाजू आहे. बाल न्याय कायदा 2015, कलम 74: अठरा वर्षांखालचा मुलगा गुन्ह्यात आरोपी असो, बळी असो की साक्षीदार, त्याची ओळख पटेल असं काहीही दाखवता येत नाही. नाव, पत्ता, शाळा, चेहरा, सगळं त्यात येतं. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. चेहऱ्यावर मोझॅक घातलं की सुटलो असं नाही. त्याचा शर्ट, घराचं दार, शेजाऱ्याने मारलेली हाक, यावरून गाव ओळखतंच. सगळ्यात सुरक्षित उपाय चित्रीकरणातच आहे: हात, पाय, जमावाच्या पाठी, बघणाऱ्यांचे चेहरे. आणि कित्येकदा चित्रपट म्हणूनही तेच जास्त बोलतं, कारण विषय जमावाचा आहे.

लेखी संमतीबद्दल थोडक्यात: ज्यांच्याशी बसून बोलणार त्यांची आधी घ्या, त्यांना कळेल अशा मराठीत, एका पानाची. गर्दीतल्या माणसांची शक्य नसते. तिथे सुरुवातीलाच कॅमेऱ्यासमोर मोठ्याने सांगा की चित्रीकरण चालू आहे आणि कशासाठी. ते फुटेज जपून ठेवा.

जुनी_रिळं:

फुटेजवर मी लिहिते, कारण यात लोक तंत्राआधी विचारातच चुकतात.

फ्रेंच आफ्रिकेत 1934पासून लावाल हुकूमनामा लागू होता. चित्रीकरण करायचं तर आधी पटकथा आणि माणसांची नावं प्रशासनाला देऊन परवानगी घ्यायची. परिणाम असा की त्या काळातलं जे फुटेज आज मिळतं ते बहुतेक सगळं परवानगीवाल्यांचं आहे: रस्ते, दवाखाने, शाळा, हसरे कामगार, टोपीवाले गोरे अधिकारी. आफ्रिकन माणसाने आपल्या डोळ्यांनी घेतलेलं जवळजवळ नाहीच. तेनो हे फुटेज पुरावा म्हणून वापरत नाहीत, आरोपी म्हणून उभं करतात. 'आफ्रिक, ज त प्लुमरे'मध्ये वसाहतीच्या प्रचारफिल्मचा मूळ निवेदक आपल्याला ऐकू येतो. त्याचा तो सभ्य, प्रेमळ सूर पुरेसा कानात बसला की तेनोंचा आवाज येतो आणि चित्र तेच असूनही अर्थ फिरतो. याच चित्रपटात पश्चिम कॅमेरूनमधल्या फुम्बानचा सुलतान न्जोया येतो. त्याने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस स्वतःची लिपी तयार करवली, शाळा काढल्या. फ्रेंचांनी त्या बंद केल्या आणि 1931मध्ये त्याला याउंदेला हद्दपार केलं. दोन वर्षांनी तो तिथेच वारला. एका बाजूला 'आम्ही यांना अक्षर शिकवलं' म्हणणारी फिल्म आणि दुसऱ्या बाजूला न्जोयाची लिपी. असे दोन तुकडे शेजारी ठेवल्यावर निवेदनाला फार बोलावं लागत नाही.

तुमच्या धरणांच्या वार्तापटांना हेच लावा. फिल्म्स डिव्हिजन ही केंद्र सरकारची माहितीपट संस्था 1948मध्ये सुरू झाली आणि तिचे वार्तापट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी सक्तीने दाखवले जात. ते पाणी दाखवतात, दरवाजे उघडताना दाखवतात, फीत कापताना दाखवतात. ज्यांची गावं बुडाली त्यांच्याकडे कॅमेरा क्वचित वळतो. म्हणून वार्तापटाचा मूळ आवाज काढून टाकू नका. निदान वीस-पंचवीस सेकंद तसाच चालू द्या. आवाज काढून त्यावर सतार घातली की ते जुन्या दिवसांची आठवण बनतं, आणि तुमचा मुद्दा संपतो.

तांत्रिक चुका, ज्या पुन्हा पुन्हा दिसतात:

जुनी चौकट चार बाय तीनची असते. ती आजच्या सोळा बाय नऊमध्ये भरण्यासाठी वर-खाली कापली तर उंचीचा चौथा भाग जातो, म्हणजे नेमकी डोकी आणि पाय. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्या.

मूक काळातली किंवा हौशी फिल्म सेकंदाला सोळा-अठरा चौकटींवर घेतलेली असते. ती थेट पंचवीसवर चालवली की माणसं तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. दुःखाच्या प्रसंगात हे घातक आहे. वेग खाली आणा, पण सॉफ्टवेअरला चौकटी मिसळू देऊ नका, भुतासारख्या दुहेरी कडा येतात. चौकट तशीच्या तशी पुन्हा दाखवण्याचा पर्याय निवडा.

इंटरनेटवरून उचललेली प्रत वापरू नका. एक तर ती चार वेळा दाबलेली असते, आणि हक्क कुणाचे ते कळत नाही. फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह आता एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. अर्ज करताना चित्रपटाचं नाव, कुठून कुठपर्यंतचे सेकंद, कुठे दाखवणार (महोत्सव, इंटरनेट, दूरचित्रवाणी) आणि किती वर्षांसाठी, हे चारही लिहा. दर सेकंदावर किंवा मिनिटावर आणि वापराच्या प्रकारावर ठरतात. म्हणून संकलन पक्कं होईपर्यंत कमी दर्जाची, पाणछापाची प्रत मागून घ्या आणि शेवटी लागेल तेवढ्याचेच पैसे भरा.

आणि फुटेज नसेलच तर काय, याचं उत्तर चौथ्या रविवारी मिळेल. 'युन फय दाँ ल वाँ'मध्ये एर्नेस्त उआंदिएची मुलगी एर्नेस्तिन बोलते. वडिलांना तिने कधी पाहिलंच नाही. ही मुलाखत 2004मधली. 2009मध्ये तिने जीवन संपवलं आणि चित्रपट 2013मध्ये आला. गोळ्या घातल्या त्या पिढीचं हलतं चित्रण फारच थोडं. तिथे रेखाचित्रं आणि स्थिर छायाचित्रं वापरली आहेत, आणि बराच काळ पडद्यावर फक्त ती बोलत असते. मुलाखतीचं तंत्र बघण्यासाठीही हा चित्रपट महत्त्वाचा आहे. सलग बोलणं मधे न तोडता धरलंय. तुम्ही मुलाखत घ्याल तेव्हा उत्तर संपलं असं वाटल्यावर मनात पाचपर्यंत मोजा. पुढचं वाक्य बहुधा त्या पाच अंकांत येतं.

त्या रविवारी एक काळजी घ्या. चित्रपट आत्महत्येपाशी पोचतो हे खेळाआधी गटाला सांगा आणि नंतरच्या चर्चेसाठी अर्धा तास जास्त ठेवा.

चौकट_पस्तीस:

जुनी_रिळं ताई, मनापासून आभार. शेवटचा प्रश्न: प्रती आणि सबटायटल्स. आमच्यातल्या निम्म्यांना इंग्रजी सबटायटल्स वाचून होत नाहीत, म्हणून मराठीत करायचा विचार आहे.

भूमध्यरेषा:

प्रतींसाठी थेट तेनोंच्या निर्मितीसंस्थेला, 'ले फिल्म द्यु राफिया'ला, मेल करा. गट किती जणांचा, तिकीट आहे की नाही, कोणत्या तारखा, मराठी सबटायटल्स करायची परवानगी हवी, हे सगळं पहिल्याच मेलमध्ये लिहा. तारखेच्या आधी किमान सहा आठवडे. इंग्रजी सबटायटल्सची फाइल वेगळी मिळते का तेही विचारा, म्हणजे वेळा पुन्हा लावाव्या लागत नाहीत. केलेली मराठी फाइल त्यांना परत पाठवायची तयारी दाखवा. आफ्रिकन माहितीपटकारांच्या हातात भाषांतरं फार कमी असतात आणि पुढच्या मराठी गटाला ती आयती मिळतील.

संकलन_टेबल:

सबटायटल्सबाबत, तेनोंच्या चित्रपटांत खास अडचण अशी की निवेदन सतत आणि वेगात आहे. शब्दाला शब्द लावलात तर प्रेक्षक फक्त वाचेल, पाहणार नाही.

एका वेळी दोन ओळी, ओळीत पस्तीस-अडतीस अक्षरं, किमान एक सेकंद आणि कमाल सहा. सेकंदाला तेरा-चौदा अक्षरांपेक्षा जास्त झालं तर वाक्य आवळा. निवेदन आणि प्रसंगातली माणसं यांत फरक कळायला हवा, म्हणून निवेदन तिरप्या अक्षरात. देवनागरी तिरपी करून वाचायला त्रास होत असेल तर निवेदनाला हलका पिवळा रंग द्या. पडद्यावरचा मजकूर, म्हणजे 'शेफ!'मधलं कॅलेंडर किंवा वृत्तपत्राचा मथळा, कंसात आणि चौकटीच्या वरच्या बाजूला.

फाइल यूटीएफ-8 या अक्षर-संकेतपद्धतीत जतन करा, नाहीतर चौकोन दिसतात. बऱ्याच टीव्ही आणि प्रोजेक्टरच्या यूएसबी प्लेयरवर जोडाक्षरं फुटतात, ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या चुकीच्या बाजूला जाते. लॅपटॉपवर नीट दिसलं म्हणून निर्धास्त राहू नका. ज्या यंत्रावर दाखवणार त्याच यंत्रावर आदल्या दिवशी दहा मिनिटं चालवून पाहा, आणि फुटत असेल तर परवानगी घेऊन चित्रातच छापलेली प्रत करा.

आणखी एक. प्रत पंचवीस चौकटींची आणि सबटायटलची फाइल चोवीसच्या प्रतीवरून बनलेली असेल तर सुरुवात जुळते आणि तासाभराने अडीच मिनिटांचा फरक पडतो. म्हणून तपासताना पहिली पाच मिनिटं बघून थांबू नका, शेवटची पाच मिनिटंही बघा. भाषांतराचं काम दोघांत वाटलं तर प्रमुख, राजा, मुखिया हे शब्द आधी ठरवून घ्या. 'शेफ!'मध्ये पाचही पायऱ्यांवर एकच मराठी शब्द आला नाही तर चित्रपटाचा कणाच दिसणार नाही. मी 'प्रमुख' घेईन.